वेगसापळे आणि न केलेला सलाम
ब्रिटनमधील 1903 च्या मोटार कायद्याने ताशी 20 मैलांची, म्हणजे सुमारे 32 किलोमीटरची, कमाल वेगमर्यादा घातली आणि तिच्या अंमलबजावणीसाठी पोलिसांनी ‘वेगसापळ्या’चा मार्ग सर्रास अवलंबला; आधीच मोजून ठेवलेल्या अंतराच्या टोकांना शिपाई झुडपांआड दबा धरून बसत आणि गाडीला लागलेला वेळ स्टॉपवॉचवर टिपत. हे अंतर एक फर्लांग, म्हणजे 220 यार्ड, असेल तर मर्यादेतील गाडीला साडेबावीस सेकंद लागत; घड्याळ दाबण्यात दोन सेकंदांची गफलत झाली, तरी तोच वेग 22 मैलांच्या घरात जाई, तेव्हा किरकोळ अतिवेगाचे खटले वादग्रस्त ठरले यात नवल नाही. 1905 मध्ये स्थापन झालेल्या ऑटोमोबाइल असोसिएशनचे सायकलस्वार टेहळे चालकांना सापळ्याची आगाऊ सूचना देत. परंतु 1910 मध्ये बेट्स विरुद्ध स्टीव्हन्स खटल्यात, मर्यादा ओलांडून येणाऱ्या चालकाला अशी सूचना देणे हा पोलिसांच्या कामातील अडथळा ठरला. त्यावर संघटनेने काढलेली पळवाट अस्सल वकिली होती: टेहळ्याने सभासदाला एरवी सलाम करावा, आणि सलाम झाला नाही तर सभासदाने थांबून कारण विचारावे, कारण न केलेल्या सलामाबद्दल खटला भरणे अवघडच होते. मोटारींवरील ही मर्यादा 1930 च्या कायद्याने उठली. 1935 मध्ये वस्तीच्या भागांपुरती 30 मैलांची मर्यादा पुन्हा आली.