यंत्रराक्षस आणि सोंगाड्या

1953 साली फिल टकर या अमेरिकन दिग्दर्शकाने ‘रोबोट मॉन्स्टर’ नावाचा चित्रपट काढला. परग्रहावरून आलेला यंत्रराक्षस पृथ्वीवरची माणसं संपवत सुटतो, एवढीच त्याची गोष्ट. पण यंत्रमानवाचा पोशाख करायला पैसे नव्हते. मग जॉर्ज बॅरोज या नटाला बोलावलं गेलं, कारण त्याच्याकडे गोरिल्ल्याचा स्वतःचा पोशाख होता. त्या केसाळ अंगावर पाणबुड्याचं वाटावं असं शिरस्त्राण चढवलं, त्याला अँटेना जोडल्या आणि परग्रहवासी तयार झाला. त्याच्या गुहेतल्या यंत्रातून साबणाचे फुगे निघत राहतात, आणि फुगे सोडणाऱ्या त्या यंत्राचा उल्लेख श्रेयनामावलीत मोठ्या मानाने केलेला आहे.

असे चित्रपट त्या काळात पुष्कळ निघाले आणि विसरले गेले. ते पुन्हा वर आले 1988 मध्ये. मिनिआपोलिस शहरातल्या केटीएमए या छोट्या दूरचित्रवाणी केंद्रावर 24 नोव्हेंबरला जोएल हॉजसन या विनोदी कलावंताने ‘मिस्टरी सायन्स थिएटर 3000’ हा कार्यक्रम सुरू केला. त्याची मांडणी साधी होती. अवकाशातल्या एका उपग्रहावर कोंडलेल्या माणसाला वेडे शास्त्रज्ञ टुकार चित्रपट बघायला लावतात. सोबतीला त्याने स्वतः जुळवलेले यंत्रमानव. पडद्याच्या तळाशी खुर्च्यांच्या रांगेत एक माणूस आणि दोन बाहुले पाठमोरे बसलेले दिसतात, नुसत्या काळ्या आकृत्या. वर चित्रपट चालू असतो आणि खालून हे तिघे त्यावर बोलत असतात. ‘रोबोट मॉन्स्टर’सुद्धा त्यांच्या तावडीतून सुटला नाही. पुढे या प्रकाराची जगभर नक्कल झाली. आपल्याकडेही 2014 च्या सुमारास कनन गिल आणि बिस्वा कल्याण रथ यांनी जुने फसलेले हिंदी चित्रपट घेऊन असाच विनोद केला आणि तो तरुण मुलांना तोंडपाठ झाला.

या विनोदाचं मूळ सांगताना बहुतेक जण मिनिआपोलिसपाशी थांबतात. चित्रपटापुरतं ते बरोबर आहे. पण चालू खेळाच्या आत एक जागा राखून ठेवायची, तिथे टवाळी करणारा बसवायचा आणि तरीही खेळ मोडू द्यायचा नाही, हे तंत्र महाराष्ट्रात त्याहून फार जुनं आहे. हॉजसनने ते आपल्याकडून घेतलं असं मुळीच नाही. दोन ठिकाणी दोन वेगळ्या गरजांतून एकच युक्ती जन्मली. आपल्या बाजूची कुळकथा मात्र कोणी या अंगाने सांगत नाही, म्हणून ती इथे सांगतो.

पुणे-सातारा महामार्गावर सारोळे हे भोर तालुक्यातलं, पुणे जिल्ह्याच्या टोकाचं गाव. पुढे नीरेचा पूल, आणि पलीकडे सातारा जिल्हा. चैत्र-वैशाखात या भागातल्या गावोगावी जत्रा असतात आणि जत्रेला तमाशा लागतो. गुढीपाडव्याच्या सुमारास नारायणगावला फडमालकांच्या राहुट्या पडतात, गावोगावचे लोक तिथे जाऊन सुपारी देतात, आणि फडांच्या गाड्या वाटेला लागतात. दक्षिणेकडच्या जत्रांना जाणाऱ्या फडांची वाट सारोळ्यावरूनच जाते. त्या गाड्यांमध्ये राजाचा मुकुट, प्रधानाची तलवार आणि ढोलकी असते. आणि एक माणूस असतो, सोंगाड्या, ज्याला या सगळ्या थाटाला नावं ठेवण्यासाठीच घेतलेलं असतं.

तमाशाचा क्रम ठरलेला. आधी गण, मग गवळण, मग बतावणी आणि लावण्या, शेवटी वग. टवाळीचा पहिला मान गवळणीत. गौळणी दूध-दही घेऊन मथुरेच्या बाजाराला निघतात, कृष्ण वाट अडवतो, दाण मागतो. कथा कृष्णलीलेतली, सगळ्यांना ठाऊक. पण गौळणींच्या पुढे मावशी असते, म्हणजे डोक्यावर पदर घेतलेला पुरुष, आणि कृष्णाच्या बाजूला लंगडा, बोबडा पेंद्या. मावशी देवाला दटावते, त्याच्या देवपणाचा दाखला मागते, गावातल्या कुणा उनाड पोराशी बोलावं तसं बोलते. समोर बसलेले लोक त्याच कृष्णाला घरी हात जोडतात आणि इथे पोट धरून हसतात. दोन्ही खरं असतं. मला या कलेतली ही सर्वांत मोठी गोष्ट वाटते: हसल्यामुळे देव लहान होत नाही, हे तिथे कुणाला समजावून सांगावं लागत नाही.

शहरी रंगभूमीने दुसरी वाट धरली. 5 नोव्हेंबर 1843 ला सांगलीत विष्णुदास भावे यांनी ‘सीता स्वयंवर’ केलं. त्या नाटकांतही विदूषक होता. वनचराच्या वेशात तो सूत्रधारासमोर यायचा आणि सरळ प्रश्नांना वाकडी उत्तरं द्यायचा. पण त्याचं काम मुख्यतः सुरुवातीचं. पुढे देव आले, राक्षस आले. राक्षस आरोळ्या ठोकत, राळेचा भपका उडवत रंगमंचावर घुसायचे, तलवारी आपटायचे, आणि पोरंटोरं घाबरून आयांना बिलगायची. काही दशकांतच इंग्रजी शिकलेल्या प्रेक्षकांना या राक्षसांचं हसू येऊ लागलं आणि त्यांच्या आरोळीवरून अशा सगळ्या नाटकांना ‘अललडुर्र’ म्हणण्याची पद्धत पडली. भयाचं सोंग जुनं झालं की त्याचं हसू होतं, हे गोरिल्ल्याच्या पोशाखातल्या परग्रहवासीयाच्या वाट्याला आलं त्याच्या कितीतरी आधी आपल्या राक्षसांच्या वाट्याला आलं होतं.

फरक एवढाच की नाटकवाल्यांनी टवाळी खेळाबाहेर काढली. 1856 मध्ये अमरचंदवाडीकर मंडळींनी पौराणिक नाटकाला फार्स जोडायला सुरुवात केली: आधी गंभीर खेळ, मग स्वतंत्र हसणं. पुढे लेखकांनी विडंबन हाती घेतलं. भोरच्या शेजारच्या पुरंदर तालुक्यातल्या कोडीतचे आचार्य अत्रे यांनी 1925 साली ‘झेंडूची फुले’ काढून कवितेचं विडंबन शिखराला नेलं. ते थोर काम आहे. पण तिथे मूळ कविता आणि तिची थट्टा शेजारी-शेजारी राहतात, एकाच श्वासात चालत नाहीत.

तमाशाने मात्र दोन्ही एकाच श्वासात ठेवलं, आणि तेही वगासारख्या लांबलचक कथानकात. उमाबापू सावळजकर यांचा ‘मोहना-बटाव’ हा पहिला वग मानतात, साल 1865. वगाला पडदा नाही, देखावा नाही. राजा बोर्डावर एक फेरी मारतो आणि दुसऱ्या नगरीत पोचतो. प्रधान हात करतो तिथे जंगल उभं राहतं. हे सगळं मानून घ्यायचं असतं, आणि प्रेक्षक मानतातही. पण माणूस मानतो म्हणजे त्याला दिसत नाही असं नसतं. मघाचा झिलकरी आता राजा झालाय, त्याच्या मुकुटाची चमकी उडालीय, जंगल म्हणजे समोरच्या गावाचाच पार आहे, हे शेवटच्या रांगेतल्या पोरालाही दिसतं. सोंगाड्या तेच बोलून दाखवतो. प्रवास एवढ्या लवकर कसा संपला म्हणून तो राजालाच विचारतो. आणि लगेच, त्याच दमात, राजाची आज्ञा पाळायला धावतो. इथे या कलेचं मर्म आहे. आज्ञा पाळली नाही तर वग तिथेच मोडेल. नुसती आज्ञाच पाळली तर प्रेक्षकाच्या मनातलं कुणी बोललंच नाही असं होईल. म्हणून सोंगाड्याचा एक पाय कथेत आणि दुसरा प्रेक्षकांत.

यात कारागिरी मोठी आहे. वगाचा आराखडा ठरलेला, बोलणं पुष्कळसं उत्स्फूर्त. फडाचा म्होरक्या, म्हणजे सरदार, सरळ बोलतो, सोंगाड्या ते वाक्य पकडून वाकवतो. ढोलकी थांबते त्या फटीत त्याने बोलायचं. एक मात्रा आधी बोललं तर शब्द वाद्यात बुडतो, उशिरा बोललं तर सरदाराचं पुढचं वाक्य मरतं. मिनिआपोलिसच्या मंडळींना हीच अडचण आली. चित्रपट थांबत नाही, पात्रांच्या संवादांमधल्या जागा मोजक्याच. पुढे त्यांनी तोच चित्रपट पुन्हा पुन्हा पाहून, प्रत्येक फट शोधून विनोद लिहून काढले. सोंगाड्याकडे कागद नव्हता. रोजच्या खेळाने कान तयार झालेला असे.

विज्ञानकथेच्या सगळ्यात जवळचा वग म्हणजे ‘गाढवाचं लग्न’. हरिभाऊ वडगावकरांचा हा वग मावळातल्या इंदुरीच्या दादू इंदुरीकरांनी गाजवला. इंद्राच्या दरबारातला गंधर्व शापाने गाढव होऊन खाली येतो, सावळ्या कुंभाराच्या घरी राहतो, माणसासारखा बोलतो आणि राजकन्येशी लग्न मागतो. आकाशातून आलेला, वेगळ्या देहात अडकलेला, इथल्या माणसांना चक्रावून टाकणारा पाहुणा: चौकट परग्रहवासीयाचीच. पण इंद्रसभेपासूनच दादूंची थट्टा सुरू व्हायची. स्वर्गाचा थाट ते कुंभाराच्या नजरेने बघायचे. मातीचा भाव, गाढवाची वैरण, बायकोचा राग याच मापाने ते स्वर्ग मोजायचे. आणि तरीही शेवटी शापमुक्तीचा क्षण आला की तो क्षण पूर्ण गांभीर्याने घेतला जायचा.

ही टवाळी कोण करत होतं, हे विसरून चालणार नाही. फडांतले बहुतेक कलावंत मांग, महार, कोल्हाटी समाजातले. दिवसा ज्यांना गावात बरोबरीने बसता येत नव्हतं, ते रात्री बोर्डावर राजाला जाब विचारत होते. भोर 1948 पर्यंत संस्थान होतं, पंतसचिवांची गादी होती. म्हणजे या मुलखात राजा ही काही पुराणातली गोष्ट नव्हती. अशा ठिकाणी मुकुटाची चमकी उडाल्याचं मोठ्याने सांगणं याला धैर्य लागतं. हॉजसनच्या यंत्रबाहुल्यांना तसलं काही पणाला लावावं लागलं नाही. मला आपल्या सोंगाड्याचा अभिमान वाटतो तो या कारणासाठी.

याच भोर तालुक्यातलं इंगवली हे दादा कोंडके यांचं मूळ गाव. जन्म 1932 चा, वाढले मुंबईत नायगावच्या गिरणी कामगार वस्तीत. 1965 साली वसंत सबनिसांचं ‘विच्छा माझी पुरी करा’ रंगमंचावर आलं. कथा राजा, प्रधान, कोतवाल आणि मैनावती यांची, म्हणजे वगाची जुनीच पेटी. दादा हवालदार झाले आणि त्या जुन्या पेटीतल्या प्रत्येक वस्तूकडे बोट दाखवत सुटले. त्या दिवशीच्या वर्तमानपत्रातली बातमी संध्याकाळी राजाच्या दरबारात यायची, म्हणून एकच नाटक लोक पुन्हा पुन्हा पाहायचे. प्रयोग दीड हजारांच्या पुढे गेले. 1971 च्या ‘सोंगाड्या’ने त्यांना पडद्यावर कायमचं नेलं. पण पडद्यावर गेल्यावर एक गोष्ट हातची गेली: हवालदार रोज नवं बोलू शकत होता, ‘सोंगाड्या’तल्या नाम्याला तेच वाक्य जन्मभर बोलावं लागलं.

मग मराठीत वाईट विज्ञानपटांची थट्टा का झाली नाही? कारण ते फारसे झालेच नाहीत. 1967 मध्ये हिंदी चित्रसृष्टीने ‘चाँद पर चढाई’ काढून दारासिंगला चंद्रावर कुस्तीला पाठवलं, माणूस खरोखर चंद्रावर उतरण्याच्या दोन वर्षं आधी. मराठी निर्मात्याकडे तेवढेही पैसे नसत. आपली विज्ञानकथा कागदावर वाढली. मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ने बक्षीस मिळवलं, लेखकाचं नाव होतं नारायण विनायक जगताप, आणि ते टोपणनाव निघालं जयंत नारळीकरांचं. कामच इतकं खणखणीत झालं की टवाळीला जागाच उरली नाही. जत्रेतल्या तंबूत मात्र जादूचे, राक्षसांचे, अदृश्य माणसांचे हिंदी पट आले, आणि पडद्याच्या दोन्ही बाजूंनी बसलेले लोक त्यांच्याशी मोठ्याने बोलत राहिले. ते बोलणं तमाशाने शिकवलेलं होतं, असं मी मानतो.

अमेरिकेतल्या त्या कार्यक्रमाच्या शेवटी एक सूचना यायची: टेपा एकमेकांना देत राहा. केटीएमएवरचे बरेचसे भाग प्रेक्षकांनी घरी उतरवून ठेवले म्हणूनच टिकले. आपल्याकडे वगांची पुस्तकं छापली गेली, लावण्यांच्या तबकड्या निघाल्या, पण बतावणी आणि सोंगाड्याचं मधलं बोलणं फारसं कुणी टिपून ठेवलं नाही. ते त्या रात्रीचं होतं आणि त्या रात्रीबरोबर गेलं. आज सारोळ्यापासून वेल्ह्यापर्यंत जत्रेला येणाऱ्या प्रत्येकाच्या खिशात मोबाइल आहे. लावणीचं चित्रण सगळेच करतात. यंदा फड आला की वग सुरू झाल्यावर फोन बंद करू नका. सोंगाड्या बोलायला लागला की त्याचा आवाज नीट येईल अशा जागी बसा, पूर्ण प्रवेश उतरवून घ्या, आणि फडाचं नाव, गाव, तारीख आणि सोंगाड्याचं पूर्ण नाव त्याला विचारून लिहून ठेवा.