खराट्याच्या काडीचा भाला

माळ्यावरचं बुटांचं खोकं खाली काढा. पिवळ्या पडलेल्या वर्तमानपत्रात गुंडाळलेला मातीचा मावळा तळहातावर घ्या. पागोट्याच्या रंगाचे टवके उडालेत, मुठीतल्या भोकात भाला नाही. त्या भोकावर अंगठा टेकवा आणि डोळे मिटा.

1983 ची दिवाळी. पिंपरी-चिंचवडची महानगरपालिका होऊन जेमतेम वर्ष झालंय. आकुर्डीतल्या चाळीपुढे तुम्ही कोपरापर्यंत चिखलात उकिडवे बसलाय. दगड-विटांवर ओलं गोणपाट पसरलंय, त्यावर माती थापताय. उतारावर हळीव पेरलंय. शेजारचा केरळचा मुलगा तळ्यासाठी आरशाचा तुकडा घेऊन धावत येतो. तुम्ही भुयारात हात घालता, तर आत पलीकडून खणत आलेल्या सोलापूरच्या दोस्ताची बोटं लागतात.

भोंगा होतो. फर्स्ट शिफ्ट सुटली. बाबा येतात. हाताला ग्रीसचा वास, आणि बोनसचे पैसे आल्यामुळे पिशवीत पाच मावळे! कुंभाराने पुढचा-मागचा भाग साच्यात दाबून जोडलाय. ती शिवण मावळ्याच्या बरगडीवर बोटाला लागते. डोळे मात्र कुंचल्याने एकेक काढलेले, म्हणून यातला एक किंचित तिरका बघतो. तोच तुम्ही उचलता. खराट्याची काडी मोडून त्याच्या मुठीत खोचता.

"किल्ला कुठला?" बाबा विचारतात.

"रायगड!"

"चाकणचा करा की. इथून जवळच आहे. पण डोंगर पाडावा लागेल, तो भुईकोट आहे."

चाकण म्हणजे कांद्याचा बाजार, एवढंच तुम्हाला ठाऊक. रुसत रुसत तुम्ही डोंगर सपाट करता, भोवती खंदक खणून पाणी ओतता. तिरक्या मावळ्याला कोपऱ्यातल्या बुरुजावर उभं करता.

पाणी चढत जातं. 1660 चा पावसाळा आहे आणि बुरुजावर तुम्ही आहात. चाकणच्या संग्रामदुर्गाला शाइस्ताखानाच्या फौजेने वेढलंय. घोंगडी भिजून जड झालीय, दारू कोरडी ठेवायची कशी हीच विवंचना. किल्लेदार फिरंगोजी नरसाळा तटावरून फिरतात, नावाने हाक मारतात. जवळजवळ दोन महिने गड झुंजतो. मग पायाखालून सुरुंग उडतो आणि बुरूज आकाशात जातो. गड पडतो.

"ए, पाय धुऊन आत ये!" आईची हाक.

डोळे उघडा. ब्रिटनमध्ये विल्यम ब्रिटनच्या कंपनीने 1893 पासून पोकळ शिशाचे खेळण्यातले शिपाई काढले. ते मूळ खोक्यासकट हाती आले तर संग्राहक हरखून जातात. तुमच्या मावळ्यावर ना शिक्का, ना कुंभाराचं नाव. तरी माझ्या लेखी जपण्यासारखं खेळणं हेच. गावोगावहून कारखान्यांसाठी आलेल्या घरांतल्या पोरांनी ही माती पहिल्यांदा आपली म्हणून कालवली, ती याला उभं करायला. त्याला नवा रंग लावू नका. टवक्याखाली दिसणारी भाजलेली माती दिसू द्या.

आता त्याला घेऊन चाकणला जा. मोटारी लादलेले लांबलचक ट्रेलर मागे टाकून गावात शिरा. संग्रामदुर्गाचा उरलेला तट अजून उभा आहे. त्याच्या सावलीत मावळा दगडावर ठेवा. आसपास खराट्याची काडी सापडतेय का, बघा.