मधल्या फळींतला माणूस

इतिहास म्हटला कीं राजे, सेनापति आणि लढाया डोळ्यांपुढें उभ्या राहतात. ज्या शिपायांच्या बळावर त्या लढाया जिंकल्या गेल्या त्यांचीं नांवें बखरकार लिहीत नाहींत. खेळांच्या इतिहासाचेंही असेंच आहे. फुटबॉलच्या सामन्यांत गोल करणारा गडी लोकांच्या लक्षांत राहतो, गोल अडविणाराही राहतो. परंतु ज्यानें दीड तास मैदानाच्या मधल्या पट्ट्यांत धांवून प्रतिपक्षाच्या पायांतून चेंडू काढला व पुढच्या गड्यास नेऊन दिला, त्याचें नांव सामना संपतांच पुसलें जातें. त्यांतही तो दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणींतला असला तर विचारावयासच नको. अशाच एका गड्याची हकीकत आम्ही आज वाचकांपुढें ठेवीत आहों. तो खेळला इंग्लंडांत. पण जन्मला आपल्या खानदेशांत, भुसावळास. आणि ज्या समाजांत तो जन्मला त्याचीं पाळेंमुळें शोधूं गेल्यास प्रथम भायखळ्यास थांबावें लागतें.

भायखळ्यास क्लेअर रोडवर ख्राइस्ट चर्च नांवाची शाळा आहे. तिचें मूळ आर्चडीकन बार्न्स यांनीं १८१५ सालीं स्थापन केलेल्या बॉम्बे एज्युकेशन सोसायटींत आहे. १८२५ सालीं ही संस्था भायखळ्यास आली. कंपनी सरकारच्या गोऱ्या शिपायांचीं व गरीब युरोपियनांचीं मुलें, त्यांतलीं कित्येक पोरकीं, येथें सांभाळून शिकविलीं जात. ज्यांचा बाप विलायती व आई एतद्देशीय अशा मुलांसही असल्याच शाळांचा आसरा होता. आज ज्यास आपण अँग्लो-इंडियन समाज म्हणतों, तो पश्चिम हिंदुस्थानांत अशा आश्रयस्थानांच्या भोंवतीं आकारास आला. पुढें १९२५ सालीं येथील वसतिगृहाचीं मुलें देवळालीच्या बार्न्स शाळेंत गेलीं. दिवसाची शाळा मात्र भायखळ्यासच राहिली.

या समाजास अन्न मिळालें तें मुख्यतः रेल्वेनें. १६ एप्रिल १८५३ रोजीं बोरीबंदरहून ठाण्यास निघालेली पहिली गाडी भायखळ्यावरूनच गेली. तीच जी. आय. पी. रेल्वे पुढें घाट चढून खानदेशांत उतरली. १८६७ सालीं तिची एक शाखा नागपुरास पोंचली, आणि १८७० सालीं दुसरी जबलपुरास जाऊन कलकत्त्याच्या मार्गास मिळाली. या दोन शाखा जेथें फुटतात तें भुसावळ. एंजिनांच्या शेडी, रुळांचें जाळें आणि ड्रायव्हर, गार्ड, फिटर यांच्या बंगल्यांच्या रांगा यांनीं हें गांव भरून गेलें. त्या बंगल्यांतून इंग्रजी बोललें जाई, नाताळांत नाच होत, आणि संध्याकाळीं मैदानावर चेंडू उडे.

फुटबॉल हा खेळ आपल्याकडे आणला पलटणींनीं. मुंबईची रोव्हर्स कपाची स्पर्धा १८९१ सालीं सुरू झाली व पहिला कप वुस्टरशायर पलटणीनें नेला. देशी संघास तो मिळावयास १९३७ साल उजाडावें लागलें. गोरे शिपाई आणि देशी खेळाडू या दोहोंच्या मध्यें रेल्वेच्या वसाहतींतलीं मुलें होतीं. तीं मैदानावर दोघांशींही खेळलीं. परंतु दोघांपैकीं कोणींही त्यांस पुरतें आपलें म्हटलें नाहीं.

१९४७ नंतर या समाजाच्या पायांखालील जमीनच हालली. रेल्वे, कस्टम व टपाल-तार खात्यांत त्यांच्यासाठीं ज्या जागा राखून ठेवल्या होत्या, त्या दर दोन वर्षांनीं उतरत्या प्रमाणांत कमी करून दहा वर्षांत बंद करावयाच्या, असें घटनेच्या ३३६ व्या कलमांत ठरलें. उलटपक्षीं १९४८ च्या ब्रिटिश नागरिकत्वाच्या कायद्यानें विलायतेचें दार १९६२ पर्यंत मोकळें राहिलें. शेंकडों कुटुंबांनीं सामान बांधलें. ८ एप्रिल १९४९ रोजीं भुसावळास जन्मलेला रिकी हेप्पोलेट हा अशाच लाटेबरोबर बालपणीं इंग्लंडास गेला व बोल्टन येथें वाढला. बोल्टन हें लँकेशायरांतलें कापडगिरण्यांचें गांव. भायखळा-परळच्या कित्येक गिरण्यांतील यंत्रें ज्या परगण्यांत घडलीं, त्याच परगण्यांत खानदेशांतला हा मुलगा फुटबॉल शिकला.

तेथून जवळच प्रेस्टन आहे. १८८८ सालीं इंग्लंडची फुटबॉल लीग सुरू झाली तेव्हां पहिल्या वर्षीं एकही सामना न हरतां अजिंक्यपद मिळविणारा संघ तो हाच. पण १९७० सालीं त्याच संघाची घसरण होऊन तो तिसऱ्या श्रेणींत जाऊन पडला. जुन्या वैभवाच्या आठवणींवर जगणाऱ्या घराण्यासारखी त्याची स्थिति होती. अशा संघांत हेप्पोलेट मधल्या फळींत उभा राहिला. या जागेचें काम पाणक्याच्या कामासारखें: सर्वांस पुरवावयाचें, आणि उणें पडलें तेवढें मात्र लोकांनीं मोजावयाचें.

१९७०-७१ च्या हंगामाच्या अखेरीस लंडनमध्यें फुलहॅमशीं सामना झाला. श्रेणींतलें पहिलें स्थान या दोन संघांतच ठरावयाचें होतें. सामना बरोबरींत सुटला असता तर तें फुलहॅमकडे गेलें असतें. प्रेस्टननें तो एका गोलानें जिंकला, आणि तो गोल डोक्यानें मारणारा होता भुसावळचा हेप्पोलेट. हंगाम संपला तेव्हां प्रेस्टनचे गुण ६१ व फुलहॅमचे ६० होते. एका गुणाचा फरक! ज्याचें काम दुसऱ्यास चेंडू नेऊन देण्याचें, त्यानेंच त्या दिवशीं कळस चढविला.

१९७२ सालीं तो लंडनच्या ओरिएंट संघांत गेला. तेथें दैवानें पारडें उलट झुकविलें. १९७३-७४ च्या हंगामांतील शेवटचा सामना ॲस्टन व्हिलाशीं होता. तो जिंकल्यास ओरिएंटला पहिल्या श्रेणींत जागा मिळणार होती. सामना १-१ असा बरोबरींत सुटला आणि एका गुणानें ती जागा कार्लाइलला गेली. ज्या एका गुणानें प्रेस्टनला वर नेलें, त्याच एका गुणानें ओरिएंटला खालीं ठेवलें. त्यानंतर क्रिस्टल पॅलेस, चेस्टरफील्ड व पीटरबरो असे संघ बदलीत १९७९ च्या सुमारास त्याची लीगमधील कारकीर्द संपली. लीगचे तीनशेंहून अधिक सामने तो खेळला. पहिल्या श्रेणींत त्यास खेळावयास मिळालें नाहीं.

कोणी म्हणेल, यांत सांगण्यासारखें काय आहे? कलकत्त्याचा मोहम्मद सलीम १९३६ सालीं स्कॉटलंडांत सेल्टिककडून अनवाणी खेळला, ती गोष्ट रसाळ आहे व ती वारंवार सांगितलीही जाते. परंतु दोन-तीन सामन्यांचें नवल लक्षांत ठेवावयाचें आणि दहा-बारा वर्षांचें काम विसरावयाचें, ही रीत आम्हांस न्यायाची वाटत नाहीं. दुसरा एक आक्षेप याहून वजनदार आहे. भुसावळास तो जन्मला हा योगायोग. त्याचा खेळ घडला बोल्टनास. मग तो आपला कसा? आम्हांस हा आक्षेप मान्य आहे. त्याच्या गुणांचें श्रेय खानदेशानें घेऊं नये. पण श्रेय घेणें निराळें आणि स्मरण ठेवणें निराळें. परदेशीं नांव मिळविणाऱ्या आपल्या माणसांचा मागोवा घेण्यांत आपण एरव्हीं कमी पडत नाहीं. मग हें नांव आपल्या कानांवर कां आलें नाहीं? आमच्या मतें कारण एकच. ज्या समाजानें शतकभर आपल्या गाड्या हांकल्या, त्यास आपण कधीं शेजारी म्हणून मोजलेंच नाहीं. म्हणून तो केव्हां निघून गेला हेंही आपणांस कळलें नाहीं. लोकसभेंत त्याच्यासाठीं असलेल्या दोन नेमलेल्या जागा २०२० सालीं बंद झाल्या, तेव्हां आपण ती बातमी वाचून पान उलटलें.

क्लेअर रोडवरील ती शाळा अद्याप चालू आहे आणि तींत आतां सर्व जातिधर्मांचीं मुलें शिकतात. त्यांच्यापैकीं एखादा मुलगा मैदानावर मधल्या फळींत उभा राहत असेल. गोल त्याच्या हातून क्वचित् होईल, आणि घरीं गेल्यावर त्यास तेवढेंच विचारलें जाईल. त्यास कोणीं हेप्पोलेटची ही हकीकत सांगितली, तर आमच्या लेखाचें सार्थक झालें असें आम्ही मानूं.