अस्मानी, सुलतानी आणि रेल्वेची रिस्क नोट

भाडे घेऊन माल नेणाऱ्याच्या ताब्यातून तो माल वाटेतच नाहीसा झाला, तर नुकसान कोणी सोसायचे? रेल्वे येण्यापूर्वी याचे उत्तर व्यापाऱ्यांच्या आपसांतील बोलीत असे. हुंडेकरी ठरावीक रकमेत, वाटेतील जकातीसह, माल मुक्कामी पोहोचवण्याचा मक्ता घेई. सागरी व्यापारात जोखमी हुंडी चाले. माल बंदरास लागला तरच तिचे पैसे देय होत.

इंग्रजांनी सोबत आणलेला कायदा वाहतूकदाराच्या बाबतीत अतिशय कडक होता. सर्वांसाठी भाड्याने माल नेणारा हा त्या मालाचा जणू विमा उतरवणाराच मानला जाई. त्याची चूक असो वा नसो, भरपाई त्यानेच द्यायची. सुटका मुख्यतः दोनच कारणांनी : दैवी कोप आणि राजाच्या शत्रूंचे कृत्य. मराठी वाचकाला येथे ‘अस्मानी-सुलतानी’ आठवेल. मात्र आपल्याकडील सुलतानी बहुधा खुद्द राज्यकर्त्याचीच असे, हा फरक बोलका आहे.

१८६५ च्या वाहतूकदार कायद्याने या कडकपणाला थोडी ढील दिली. मालधन्याच्या सहीचा विशेष करार करून वाहतूकदाराला आपली जबाबदारी मर्यादित करता येऊ लागली. निष्काळजीपणाची जबाबदारी मात्र कायम राहिली. नंतर १८७२ चा करार कायदा आला आणि खरा पेच पडला. दुसऱ्याचा माल सांभाळणाऱ्याने सामान्य शहाणा माणूस स्वतःच्या मालाची घेईल तेवढीच काळजी घ्यावी, असे त्याचे कलम १५१ सांगत होते. मग जुना कडक नियम उरला की गेला?

१८७८ साली कुंवरजी तुलसीदास विरुद्ध जीआयपी रेल्वे या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने उत्तर दिले : गेला. १८८३ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने नेमके उलट सांगितले. म्हणजे एकाच साम्राज्यात, एकाच कायद्याखाली, मुंबईच्या व्यापाऱ्याचा हक्क कलकत्त्याच्या व्यापाऱ्याहून दुबळा ठरला. अखेर १८९१ मध्ये ब्रह्मदेशातील इरावती फ्लोटिला कंपनीच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने कलकत्त्याची बाजू उचलून धरली. जुना नियम जिवंत होता.

रेल्वेने माल पाठवणाऱ्यांना मात्र या निकालाचा काहीच उपयोग नव्हता. वर्षभर आधीच, १८९० च्या रेल्वे कायद्याच्या कलम ७२ ने, इंग्लंडचा तो नियम रेल्वेला लागू नाही असे स्पष्ट लिहून ठेवले होते. मुंबईत न्यायालयाने जे दिले, ते इतरत्र विधिमंडळाने दिले. लाभ दोन्हीकडे रेल्वेचाच.

त्याच कलमातून रिस्क नोटेला कायद्याचा आधार मिळाला. सरकारने मान्य केलेल्या नमुन्यावर प्रेषकाने सही करायची, जोखीम स्वतःवर घ्यायची आणि बदल्यात कमी दराने माल पाठवायचा. ‘बी’ नमुन्यात तर अख्खी गाठ हरवली, आणि तीही रेल्वेच्या जाणूनबुजून केलेल्या हयगयीने किंवा नोकरांच्या चोरीने, तरच भरपाईची शक्यता उरे. नुकसान कसे झाले हे वादीने सिद्ध करण्याची गरज नाही, असे कलम ७६ म्हणत होते. रिस्क नोटेवर सही केलेल्याला मात्र ती हयगय सिद्ध करावी लागे. अकोल्याहून मुंबईस कापूस धाडणाऱ्याने, कुलूपबंद डब्यात भुसावळच्या पुढे रात्री काय घडले, हे कसे सिद्ध करावे? नोंदवह्या रेल्वेच्या, साक्षीदारही रेल्वेचेच. करार ऐच्छिक होता हे खरे. पण स्पर्धकाचा माल कमी दराने जात असताना जादा दर भरणे कोणाला परवडणार?

१९२० च्या दशकात नमुने बदलले. माल ताब्यात असताना त्याचे काय केले, हे सांगण्याचे बंधन रेल्वेवर आले. जुनी कडक जबाबदारी, काही वाढीव अपवादांसह, रेल्वेने पत्करली ती थेट १ जानेवारी १९६२ पासून. तरीही ‘मालकाच्या जोखमीवर’ हा सवलतीचा दर राहिलाच.

रस्त्यावर १८६५ चाच कायदा पुढे दीर्घकाळ चालला. ट्रकच्या बिल्टीवर ‘ओनर्स रिस्क’ छापले म्हणून वाहतूकदार स्वतःच्या निष्काळजीपणातून सुटत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००० साली सांगितले. २००७ च्या नव्या कायद्याने १८६५ चा कायदा रद्द झाला. बिल्टीवरील ते दोन शब्द मात्र आजही छापले जातात.