उपासाचा दाणा आणि अंगणातली कोंबडी

गेल्या रविवारची गोष्ट. अर्धा किलो बोनलेस चिकनला दही, आलं-लसूण, हळद, मीठ आणि चमचाभर काळा मसाला लावून ते सकाळीच फ्रिजमध्ये ठेवलं होतं. संध्याकाळी एका ताटलीत फेटलेलं अंडं घेतलं, दुसरीत शेंगदाण्याचं जाडसर कूट. एकेक तुकडा अंड्यात बुडवायचा, कुटात घोळवायचा आणि ट्रेमध्ये मांडायचा. दाणे अर्धवटच भाजून घ्यायचे, कारण उरलेलं भाजणं ओव्हन करतो. ओव्हन १९० अंशांवर, वेळ वीस-पंचवीस मिनिटं, मध्ये एकदा तुकडे उलटायचे. तेवढ्यात कांदा-काकडी चिरून झाली, भात झाला.

आजी डायनिंग टेबलाशी बसून सगळं बघत होती. ट्रे बाहेर आला तेव्हा म्हणाली, “एवढंच?”

“एवढंच.”

“मग आमचा अख्खा दिवस कुठं जायचा गं?”

तक्रारीचा सूर नव्हता तो, तिला खरंच प्रश्न पडला होता. मलाही पडला. नाशिकमधल्या एका फ्लॅटमध्ये कोंबडीचं जेवण पाऊण तासात तयार होतं, ही सोय नेमकी कुठून आली? आणि ती येताना काय काय मागे राहिलं?

खुराडं

आजी लग्न होऊन निफाड तालुक्यात आली ती १९६०च्या सुमारास. त्या घरात कोंबडी विकत आणायची गोष्टच नव्हती. ती अंगणात असायची. दिवसभर उकिरड्यावर, गोठ्यात, धान्य पाखडायच्या जागी चरायची आणि संध्याकाळी खुराड्यात जायची. तिचा खाण्याचा खर्च जवळजवळ शून्य. मांजर, मुंगूस आणि घार हे तिचे शत्रू. खुडूक बसलेल्या कोंबडीखाली अंडी ठेवायची, एकवीस दिवसांनी पिल्लं निघायची आणि त्यातली निम्मी जगली तरी नशीब.

अशी कोंबडी कापण्याजोगी व्हायला पाच-सहा महिने लागत. म्हणून ती रोजच्या ताटात नसायची. जावई आला, बाळंतिणीला ताकद हवी झाली, जत्रा आली किंवा नवस फेडायचा असला, तरच तिची पाळी. मग सकाळी तिला धरायची, कापायची, गरम पाण्यात बुडवून पिसं काढायची, जाळावर धरून उरलेली लव जाळायची. कांदा-खोबरं चुलीत भाजायचं आणि पाट्यावर वाटायचं. गावरान कोंबडी चिवट, त्यामुळे शिजायलाही वेळ. आजीचा अख्खा दिवस इथं जायचा.

पण तिला त्या कष्टांपेक्षा दुसरंच काहीतरी जास्त आठवतं. ती अंडी तिची होती. शेत आजोबांच्या नावावर, बैल घराचे, कांद्याचे पैसे आजोबांच्या खिशात. अंड्यांचे आणि तलंगांचे पैसे मात्र तिचे. आठवडे बाजारात कोंबडी विकून आलेले पैसे कुणी मागायचं नाही, असा अलिखित नियम होता. त्यातून बांगड्या आल्या, पोरांच्या वह्या आल्या, एकदा माहेरच्या एसटीचं तिकीट आलं. ही काही एकट्या आजीची गोष्ट नाही. महाराष्ट्राच्या गावोगावी परसातली कोंबडी हीच बाईची बँक होती. हिशेब नसलेली, सही न लागणारी.

उंबरठा

तरीही ती कोंबडी घरातल्या चुलीवर कधी शिजली नाही. पणजोबा माळकरी होते. नाशिकमध्ये हे नवल नव्हे. निवृत्तिनाथांचं त्र्यंबकेश्वर इथलंच, आणि घरोघरी एखादा तरी तुळशीची माळ घातलेला माणूस. त्यामुळे कोंबडीची चूल अंगणात, भांडी वेगळी, आणि दुसऱ्या दिवशी आंघोळ झाल्याशिवाय देवघराकडे फिरकायचं नाही.

या उंबरठ्यालाही इतिहास आहे. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात द्विजांनी काय खाऊ नये याची यादी आहे. त्यात गावठी कोंबडा आहे, पण त्याच श्लोकात कांदा आणि लसूणही आहे. आज लासलगावच्या कांद्यावर जगणाऱ्या जिल्ह्यात ही यादी वाचली की गंमत वाटते. कांदा हळूहळू बहुतेक स्वयंपाकघरांत शिरला, निदान चातुर्मासाबाहेर तरी. कोंबडी अंगणात अडली. यादीतली कुठली वस्तू माफ करायची आणि कुठली नाही, हे श्लोक ठरवत नाही. ते त्या त्या घरातली माणसं ठरवतात.

काहींसाठी तर हा प्रश्न अंगणापर्यंतही येत नव्हता. याच शहरात २ मार्च १९३० रोजी डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली काळाराम मंदिराच्या दारासाठी सत्याग्रह सुरू झाला आणि दादासाहेब गायकवाडांनी तो वर्षानुवर्षं लावून धरला. जिथं देवळाचं दार बंद, तिथं कुणाच्या हातचं आणि कुणाच्या ताटातलं चालतं, हेही बंदच होतं. आपल्या छापील पाककृतींतही ही दारं दिसतात. लक्ष्मीबाई धुरंधरांचं ‘गृहिणी-मित्र’ १९१० मध्ये आलं. लेखिका मुंबईच्या पाठारे प्रभू समाजातल्या, त्यामुळे त्यात मांस-मासळीला मानाची जागा मिळाली. मराठवाड्यातल्या दलित घरांचं अन्न पुस्तकात यायला मात्र २०१५ उजाडलं, शाहू पाटोळ्यांच्या ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ मधून. मधली शंभर वर्षं त्या चुली पेटत होत्याच. फक्त त्यांच्याबद्दल कुणी लिहून ठेवत नव्हतं.

दाणा

आता ट्रेमधल्या दुसऱ्या पदार्थाकडे वळू. शेंगदाणा माझ्या पणजोबांच्या ताटात एकादशीला असायचा. साबुदाण्याची खिचडी, दाण्याची आमटी, बटाट्याची भाजी. आणि हे सगळं अमेरिका खंडातून आलेलं! भुईमूग दक्षिण अमेरिकेतला, साबुदाणा ज्यापासून बनतो तो कसावा तिथलाच, बटाटा आणि मिरचीही तिकडचीच. सोळाव्या शतकानंतर युरोपी जहाजांतून ही पिकं जगभर फिरली. काजू तर पोर्तुगीजांनी ब्राझीलहून गोव्यात आणला आणि त्याचं नावही बरोबर आणलं.

भुईमुगाला आपण आपलं नाव दिलं. भुईतला मूग. जुन्या ग्रंथांना हा दाणा माहीतच नव्हता. त्यामुळे तो कुठल्याही निषेधाच्या यादीत नव्हता आणि सरळ उपासाच्या ताटात जाऊन बसला. हजारो वर्षं इथं असलेली कोंबडी अंगणात आणि समुद्रापलीकडून आलेला दाणा देवघराशेजारी, अशी ही वाटणी.

कोरडवाहू जमिनीला हा दाणा मानवला. नाशिक-खानदेशात तो भाजीच्या रश्श्यात, ठेच्यात, चटणीत, सगळीकडे गेला. जळगावच्या तेलबिया संशोधन केंद्रातून ‘जेएल-२४’ म्हणजेच ‘फुले प्रगती’ हे वाण आलं. ते लवकर तयार होणारं, म्हणून पाऊस दगा देण्याआधी हाती येणारं. ही पिकाची घाई कोंबडीच्या गोष्टीतही पुढे भेटणार आहे.

वरून निखारे

राहिला ओव्हन. आपल्या स्वयंपाकात भट्टी नव्हतीच असं सहज म्हटलं जातं. ते अर्धं खरं आहे. चुलीला वरून आच नसते, पण आपल्या बायकांनी ती दिली. पातेल्यावर झाकण, झाकणावर निखारे, आत नानकटाई. पुढे पिठी, साखर आणि तुपाचे डबे घेऊन बेकरीत जायचं आणि बिस्किटं भाजून आणायची, ही अनेकांच्या सुट्टीतली आठवण आहे. मग प्रेशर कुकरमध्ये वाळू किंवा मीठ घालून केक झाले. रायगडात तर थंडीतली पोपटी आहे. मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, वालाच्या शेंगा, अंडी, कोंबडी भरायची, मडकं उपडं ठेवायचं आणि भोवती जाळ करायचा. हे बेकिंगच, फक्त त्याला बटण नाही.

बेचाळीस दिवस

पण खरा बदल ओव्हनने केला नाही. तो कोंबडीतच झाला होता.

१९२३ साली अमेरिकेतल्या डेलावेअर राज्यात सीलिया स्टील नावाच्या बाईने अंड्यांसाठी पन्नास पिल्लं मागवली आणि चुकून पाचशे आली. तिने ती परत केली नाहीत. मांसासाठी वाढवून विकली, नफा झाला, आणि पुढच्या वर्षांत तिने संख्या वाढवत नेली. मांसासाठीच कोंबडी पाळायच्या धंद्याची सुरुवात अनेकदा या चुकीपासून सांगितली जाते. पुढे १९४८ साली तिथं ‘उद्याची कोंबडी’ अशी देशव्यापी स्पर्धा झाली. छाती रुंद, वाढ झपाट्याची, खाणं कमी, असा पक्षी कोण पैदा करतो यासाठी. आजचा ब्रॉयलर त्या वाटेने आला.

भारतात १९७१ साली डॉ. बी. व्ही. राव यांनी व्यंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली. ‘संडे हो या मंडे’ म्हणणारी राष्ट्रीय अंडी समन्वय समिती १९८२ची, तीही त्यांच्याच पुढाकाराने. पुढच्या काळात नाशिक जिल्ह्यात कराराने कोंबड्या वाढवणं पसरलं. कंपनी पिल्लं देते, खाद्य देते, औषध देते. शेतकरी शेड, वीज, पाणी आणि मेहनत देतो. पाच-सहा आठवड्यांत पक्षी दोन किलोंच्या आसपास भरतो, कंपनीची गाडी येते, आणि किलोमागे ठरलेला मोबदला मिळतो. खाद्यात मका आणि सोयाबीन, आणि त्यातला बराच मका याच भागातल्या शेतांतून येतो.

यामुळे कोंबडी स्वस्त झाली, हे मोठंच काम झालं. जे मांस सणाला मिळायचं ते मजुराच्या घरी रविवारी शिजू लागलं. ते कोवळंही असतं, म्हणूनच वीस मिनिटांत भाजून होतं. हीच कृती गावरान कोंबडीवर करून बघा, दात हलतील.

पण एकाच जातीचे हजारो पक्षी एका छपराखाली असले की संकटही घाऊक येतं. फेब्रुवारी २००६ मध्ये भारतात पहिल्यांदा बर्ड फ्लू सापडला तो आपल्याच नाशिक विभागात, नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला. लाखो कोंबड्या मारून पुराव्या लागल्या. त्यात पोल्ट्रीबरोबर आसपासच्या परसातल्या कोंबड्याही गेल्या. २०२०च्या सुरुवातीला तर कोंबडीला काहीच झालं नव्हतं. चिकन खाल्ल्याने करोना होतो, अशी अफवा फोनवरून फिरली आणि भाव कोसळले. खाद्याचा खर्चही निघेना म्हणून अनेकांनी पक्षी फुकट वाटले, काहींनी पुरले.

आणि एक गोष्ट गाजावाजा न होता घडली. खुराडं बाईचं होतं. शेडसाठी कर्ज लागतं, कर्जाला सातबारा लागतो आणि सातबाऱ्यावर बहुतेक वेळा पुरुषाचं नाव असतं. शेडमध्ये पहाटे उठून पाणी-खाद्य बघणारी, मेलेली पिल्लं वेचणारी बाई अजूनही आहे. पण करारावर सही तिची नसते, आणि पैसे ज्याची सही असते त्याच्या खात्यात येतात. हे उलटं फिरवायचे प्रयत्नही होतात. गिरिराज, वनराज अशा परसात तग धरणाऱ्या सुधारित कोंबड्या बचत गटांतल्या बायकांना दिल्या जातात. गावरान अंडं आज ब्रॉयलरच्या जमान्यातही महाग विकलं जातं, त्यामुळे त्यात थोडी आशा आहे.

रविवारी, पुन्हा

आमच्या घरात आता माळकरी कुणी नाही. कोंबडी घरातच शिजते, त्याच भांड्यांत, आणि एकादशीच्या डब्यातलं कूट तिच्या अंगाला लागतं. पणजोबांना हे चाललं नसतं. आजीला चाललं. तिने दोन तुकडे खाल्ले आणि म्हणाली, “कूट अजून जाडसर ठेव. दाताखाली दाणा यायला पाहिजे.”

मग हात पुसत तिने विचारलं, “केवढ्याला आणलीस?”

मी भाव सांगितला. ती मनात काहीतरी हिशेब करत राहिली.

“आणि त्यातले कोंबडीवालीला किती?”

दुकानदार, गाडीवाला, कंपनी, शेतकरी, बँक, सगळे मी एकेक करून मोजले. कोंबडीवाली कुठे बसवावी, ते मला सुचेना.