१० ऑक्टोबर : 'आच्ची' मनोरमा यांचे निधन

तमिळ अभिनेत्री मनोरमा यांचे १० ऑक्टोबर २०१५ रोजी चेन्नईत निधन झाले. ('सीता और गीता'तली चाची झालेली मनोरमा वेगळी.) २६ मे १९३७ रोजी मन्नारगुडीत जन्मलेल्या गोपीशांता लहानपणीच वडिलांपासून दुरावली. आईने मुलीला घेऊन पळ्ळत्तूर गाठले. तिथल्या नाटकांतून 'मनोरमा' घडली आणि १९५८ मध्ये 'मालयिट्ट मंगै'तून पडद्यावर आली.

नायिका होण्याची वाट न पाहता त्यांनी विनोदी आणि आईच्या भूमिका आपल्याशा केल्या. हजारावर चित्रपट, गिनीज बुकात नोंद आणि पुढे दूरचित्रवाणी मालिकाही. पण त्यांना पाहावे ते 'तिल्लाना मोहनांबाळ'मध्ये (१९६८). शिवाजी गणेशन आणि पद्मिनी समोर असतानाही नाटक कंपनीतली ठसकेबाज जिलजिल रमामणी लक्षात राहते, कारण तिच्या हसण्याआड भाबडी माया आहे. त्याच वर्षी 'बोम्मलाट्टम'मध्ये त्यांनी मद्रासच्या रस्त्यावरच्या बोलीतले गाणे स्वतः गायले. ती बोली पडद्यावर इतक्या झोकात क्वचितच कुणी उतरवली असेल.

'पुदिय पादै'साठी त्यांना सहायक अभिनेत्रीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि २००२ मध्ये पद्मश्री. तमिळनाडूला मात्र त्या अखेरपर्यंत 'आच्ची'च, म्हणजे घरातल्या वडीलधाऱ्या बाईच, होत्या.