रिले समन्वय

वीजपुरवठ्याच्या मार्गावर एकामागून एक बसवलेल्या संरक्षक रिलेंच्या वेळा जुळवण्याच्या कामाला रिले समन्वय किंवा, व्यवहारातल्या शब्दात, ग्रेडिंग म्हणतात. फॉल्टच्या सर्वांत जवळचा ब्रेकर आधी उघडावा आणि तो न उघडल्यासच त्याच्या मागचा उघडावा, एवढाच त्याचा हेतू. छत्रपती संभाजीनगरच्या वाळूज, चिकलठाणा, शेंद्रा या औद्योगिक वसाहतींत त्याची गरज रोज भासते. कारखान्यातल्या केबलचा फॉल्ट तिथल्याच ब्रेकरने तोडला, तर तो एकच कारखाना थांबतो. उपकेंद्रातला 11 केव्ही फीडर ट्रिप झाला तर शेजारचेही थांबतात, आणि रोहित्राचा इनकमर, म्हणजे 11 केव्ही बाजूचा मुख्य ब्रेकर, गेला तर त्यावरचे सगळे फीडर बंद पडतात.

अतिप्रवाह रिलेला करंट जितका जास्त मिळेल, तितका तो लवकर चालतो. करंट सेटिंगच्या किती पट आहे हे पीएसएम सांगतो, तर टीएमएस वेळ कमीजास्त करतो. नेहमीच्या व्यस्त वक्रावर पीएसएम 10 आणि टीएमएस 1 असताना रिले 2.97 सेकंदांत चालतो.

नमुन्यादाखल 5 एमव्हीएचे 33/11 केव्ही रोहित्र घ्यावे. 11 केव्ही बाजूला तिन्ही फेजचा फॉल्ट होऊन 3000 अँपिअर वाहिले असे मानू. फीडरचे सेटिंग 200 अँपिअर, टीएमएस 0.10, रिले 0.25 सेकंदांत चालेल. इनकमर 300 अँपिअर, टीएमएस 0.19, वेळ 0.56 सेकंद. 33 केव्ही बाजूला हाच करंट 1000 अँपिअर दिसतो. तिथे 100 अँपिअर आणि टीएमएस 0.29 ठेवल्यास 0.86 सेकंद. दर टप्प्यात सुमारे 0.3 सेकंदाचे अंतर पडले. त्यात ब्रेकर उघडण्याचे 60 ते 100 मिलिसेकंद, रिले व करंट ट्रान्सफॉर्मर (सीटी) यांच्या चुका आणि थोडा राखीव वेळ येतो. जुन्या विद्युतयांत्रिक रिलेत करंट थांबल्यावरही तबकडी जराशी पुढे फिरते, म्हणून तिथे 0.4 सेकंद ठेवतात.

इथे एक बारकावा हमखास निसटतो. 33/11 केव्ही रोहित्र सहसा डेल्टा-स्टार जोडणीचे असते. 11 केव्ही बाजूला दोन फेज एकमेकांना चिकटले, तर इनकमरला 2600 अँपिअरच दिसतात, पण 33 केव्हीच्या एका फेजमध्ये पूर्ण 1000 अँपिअर वाहतात. इनकमर 0.60 सेकंद घेतो, मागचा रिले मात्र 0.86 वरच चालतो, 0.30 चे अंतर 0.26 वर येते. म्हणून या टप्प्याला थोडी जास्त मोकळीक द्यावी. 33 केव्ही बाजूचे तात्काळ सेटिंगही 1300 अँपिअरच्या आसपास ठेवतात, म्हणजे 11 केव्हीच्या फॉल्टवर ते चालत नाही.

अतिउच्चदाब वाहिन्यांवर फॉल्ट किती दूर आहे हे पाहणारे अंतर रिले (डिस्टन्स रिले) असतात. त्यांचा पहिला झोन वाहिनीचा सुमारे 80 टक्के भाग लगेच तोडतो; दुसरा पुढच्या उपकेंद्रापलीकडे पोहोचतो आणि 0.35 ते 0.4 सेकंद थांबतो; तिसरा आणखी दूरवर पाहतो व अधिक थांबतो. 30 जुलै 2012 रोजी 400 केव्ही बिना–ग्वाल्हेर वाहिनी फॉल्ट नसताना, केवळ जादा भारामुळे, तिसऱ्या झोनवर ट्रिप झाली आणि उत्तर भारताचे ग्रिड कोसळले. वेळेइतकाच झोनचा पल्लाही तपासावा लागतो, तो यासाठी.

एकदा लावलेले सेटिंग कायमचे पुरत नाही. 1985 मध्ये बजाज ऑटोचा कारखाना आल्यापासून वाळूजला सुट्या भागांचे कारखाने वाढत गेले. अशा पट्ट्यात मागचे उपकेंद्र बळकट झाले की फॉल्ट करंट वाढतो, वक्र जवळ येतात आणि ठरवलेले अंतर आक्रसते. फीडरचा रिले महावितरणचा आणि कारखान्याच्या पॅनेलमधला रिले ग्राहकाचा असतो. दोघांचे वक्र एकाच आलेखावर काढून पाहिल्याशिवाय समन्वय झाला असे म्हणता येत नाही.